आयचं खिमट आणि विलायती बाटली

तुमच्याकडे खिमट म्हणजे तान्ह्या पोराला भरवायचा मऊ भात. आमच्या चौकला खिमट म्हणजे दारू. मसाल्याची, गरम गरम, आणि तीही तान्ह्या पोराच्याच नावानं प्यायची, फक्त पोरानं नाही, पाहुण्यांनी. हे सांगितलं की अजूनही काही बाया तोंडाला पदर लावतात. लावोत बापड्या. आमच्याकडे पोराच्या डोक्यावर देवळात बाप्तिस्म्याचं पाणी पडलं की घरी येऊन आधी खिमटाचा पेला फिरायचा, मग फुगे, म्हणजे आमचे तळलेले गोल पाव, नि मटण. त्यात लाज कसली आली?

चौक हे उत्तनच्या बाजूचं आमचं समुद्रावरचं गाव. माझा बापूस होडीवर गेला तो परत आला नाही, तेव्हा मी चार वर्षांची होते. माझ्या पाठची दोघं आधीच गेली होती. म्हणजे घरात आय आणि मी. आय सुके बोंबील विकायची, लोकांची भातलावणी करायची, पण गावात तिला मान होता तो खिमटामुळे. लग्न असो, बाप्तिस्मा असो, दोन दिवस आधी त्या घरची म्हातारी आमच्या ओट्यावर येऊन बसायची आणि इकडचं तिकडचं बोलून झालं की म्हणायची, येशील ना गो. आय लगेच हो म्हणत नसे. जरा भाव खायची. मग जायचीच.

विधवा बाईला शुभकार्यात पुढं कोण घेतं? आमच्यातही घेत नसत. नवऱ्या मुलीला हळद लावताना आय मागं उभी राहायची, भिंतीला टेकून. पण खिमटाचं भांडं चुलीवरून उतरलं की सगळं घर गप्प व्हायचं आणि आयला पुढं बोलवायचं. पहिला पेला तिनं भरायचा, घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या बाईच्या हातात द्यायचा, आणि तोपर्यंत कुणी घोटभर काही प्यायचं नाही, अशी रीत. तेवढा वेळ माझी आय त्या घराची मालकीण असायची. मी लहान होते, पण ते मला कळायचं. ती पेला भरताना मान जराशी ताठ करायची, एरवी ती कधीच तशी उभी राहत नसे.

आता ती करायची कसं ते सांगते, कारण पुढचं सगळं त्याच्यावर आहे. दारू आणायची भाईंदरच्या सरकारी गुत्त्यातून, मोहाची. घरी गाळायची तर कायद्यानं बंदी होती, आणि आय देवाला आणि पोलिसाला सारखीच घाबरायची. गवती चहा, दालचिनी, लवंग, जायफळ आणि साखर पाण्यात उकळायची, भांडं खाली उतरवलं की मग त्यात दारू ओतायची आणि झाकण घालून वर ओलं फडकं गुंडाळायचं. एवढंच. पण मसाला काय कुणीही उकळील. खरी गोम दारू ओळखण्यात होती.

गुत्तेवाला पाणी घालायचा, कधी आणखी काहीबाही घालायचा. आय त्याच्यासमोर उभी राहून दोन थेंब डाव्या तळहातावर घ्यायची, उजव्या हातानं चोळायची, आणि मग वास घ्यायची नाही. आधी एक नमो मारिया म्हणायची, सबंध, मनातल्या मनात, ओठ हलायचे. प्रार्थना संपेपर्यंत दारू उडून जायची. मग हात नाकाशी न्यायची. दारू चांगली असली तर मोहाच्या फुलाचा वास तळहाताला राहायचा, गोडसर, जरा आंबूस, उन्हात पडलेल्या फुलाचा असतो तसा. भेसळीची असली तर काहीच राहायचं नाही, नाहीतर नाकाला झोंबायचं. गुत्तेवाला चिडायचा. म्हणायचा, बाई, दारू घेतेस की रोजरी म्हणतेस? पण दुसऱ्या पिंपातली काढून द्यायचा.

मला तिनं हे शिकवलं तेव्हा मी आठ-नऊ वर्षांची असेन. मी चोळल्या चोळल्या हात नाकाशी नेला आणि म्हटलं, छान वास येतोय. तिनं माझ्या हातावर चापट मारली.

"पयला वास सगल्यांचाच चांगला," ती म्हणाली. "मागं काय ऱ्हातं ता बघ."

मला तेव्हापासून तो वास ओळखता येतो. अजूनही येईल. आता मोहाची दारू माझ्या हातावर ओतणार कोण, हा प्रश्न वेगळा.

विलायती बाटली आमच्या गावात पहिल्यांदा आली ती एका जहाजावर काम करणाऱ्यानं आणली. भावाच्या लग्नात त्यानं ती टेबलाच्या मधोमध ठेवली. उघडली नाही, नुसती ठेवली. पिवळं लेबल, त्यावर एका गोऱ्या सरदाराचं चित्र, सोनेरी अक्षरं. पोरं-बाळं, म्हातारे, सगळे येऊन बघून जात होते. आयनं खिमट वाटलं, सगळे प्यायले, पण नजरा त्या बाटलीवर. पुढच्या लग्नात बाटली उघडली गेली. त्याच्या पुढच्यात दोन होत्या. मग तर असं झालं की आमंत्रण आलं की पुरुषमाणसं पहिलं विचारायची, बाटली आहे का? पाद्री कोण येतोय ते नंतर.

आणि पिण्याची तऱ्हाच बदलली हो. खिमटाचा पेला एकच असायचा, हातोहात फिरायचा, म्हातारीपासून सुनेपर्यंत बायासुद्धा घोट घ्यायच्या, खोकल्याला बरं म्हणायच्या आणि हसायच्या. पेला एकदा फिरला, फार तर दोनदा, की संपलं. बाटली आली तसे वेगवेगळे ग्लास आले. पुरुष पुढच्या खोलीत बसायला लागले आणि बाटलीचा तळ दिसेपर्यंत उठेनात. बायांना कुणी विचारीना. विलायती बाईमाणसानं प्यायची नसते, हे कुणी ठरवलं मला माहीत नाही, पण एका पावसाळ्यात ठरून गेलं. बाया आत गेल्या, फुगे तळायला.

मुंबईला नोकरी करणाऱ्यांची तर गोष्टच न्यारी. बाटली संपली तरी टाकायची नाही. धुऊन, पुसून, लेबल बाहेरच्या बाजूला करून काचेच्या कपाटात. एकानं तर त्यात चहाचं पाणी भरून ठेवलं होतं, रंग दिसावा म्हणून. आम्ही हसलो. नंतर मीच लग्न होऊन अशा एका कपाटाची मालकीण झाले, तेव्हा हसायचं विसरले.

माझं लग्न भाईंदरच्या घरात झालं. नवरा गोदीत कारकून. माणूस वाईट नव्हता, त्याच्याबद्दल मी तसं बोलणार नाही, पण त्याला साहेबाच्या डोळ्यात चांगलं दिसायची भारी हौस. त्याच्या कपाटात चार बाटल्या होत्या. दर शनिवारी मी त्या पुसायचे. पुसता पुसता मलाही त्या आवडायला लागल्या, खोटं कशाला बोलू. शेजारच्या बाया यायच्या, बघायच्या, आणि मी पदर सावरून मुद्दाम म्हणायचे, ह्यांच्या ऑफिसात असलंच लागतं. चौकहून आय आली की ती बोंबलाची टोपली मागच्या दारानं आत घ्यायची. मीच तशी सवय लावली होती तिला. पुढच्या दारानं वास येतो म्हणून.

मग युद्ध सुरू झालं आणि विलायती मिळेनाशी झाली. जहाजं सैन्यासाठी धावत होती, त्यांना ब्रँडी कोण आणायला लावणार? भाव चढले. बाटलीवाला, जो एरवी रद्दी आणि डबे घ्यायला यायचा, तो विलायतीच्या रिकाम्या बाटल्या मागायला लागला. नुसती बाटली असेल तर थोडे पैसे, लेबल शाबूत असेल तर चौपट, बूच असेल तर आणखी वर. मी कपाटातल्या दोन दिल्या. लेबलाला ओरखडा पडू नये म्हणून फडक्यात गुंडाळून दिल्या. रिकाम्या बाटलीवरच्या लेबलाचं कुणाला काय काम असेल, हा विचार माझ्या डोक्यात आला नाही. इतकी मी शहाणी.

त्याच युद्धाच्या मधल्या कुठल्यातरी वर्षी मला मुलगा झाला.

आय ह्याची वाट किती वर्षं बघत होती ते मला माहीत होतं. पहिल्या नातवाचं खिमट आईच्या आईनं करायचं, ही आमची रीत. तिनं गावातल्या निम्म्या पोरांचं केलं होतं, सगळी दुसऱ्यांची पोरं. मी सासरी जाताना तिनं एक तांब्याचं भांडं घेतलं होतं, नवंकोरं, आणि ते वापरलं नव्हतं. माळ्यावर पोत्यात घालून ठेवलं होतं. विचारलं तर म्हणायची, तुझ्या पोराला. माझ्या घराला देण्यासारखं तिच्याकडे दुसरं काही नव्हतं. सोनं तिच्याकडे नव्हतं, बोलणं तिला येत नव्हतं, माझ्या सासरी तिला कुणी दोन वाक्यं विचारत नसे. हा एकच दिवस होता जेव्हा तिला माझ्या घरात पुढच्या खोलीत उभं राहता आलं असतं.

बाप्तिस्मा ठरला. नवरा म्हणाला, ऑफिसातले लोक येणार, हेडक्लार्क येणार, खिमट-बिमट नको. लोक म्हणतील कोळीवाड्यात आलो. त्यानं कुणाच्या तरी वशिल्यानं ब्रँडीच्या तीन बाटल्या मिळवल्या होत्या, त्या काळात. त्यांच्यावर तेच पिवळं लेबल, तोच गोरा सरदार. त्याचा चेहरा इतका उजळला होता की मला नाही म्हणवेना. खरं तर मला नाही म्हणायचंच नव्हतं. मलाही त्या बायांना तीन बाटल्या दाखवायच्या होत्या.

तो म्हणाला, तुझ्या आईला सांग, खिमट आणू नको म्हणून. मी म्हटलं, सांगते. आठवडाभर मी ते उद्यावर ढकललं. चौकला जाणारं कुणी भेटलं की तोंडाशी यायचं आणि मी पोराची तब्येत सांगायचे. शेवटी सांगितलंच नाही.

रविवारी आम्ही देवळातून आलो तर मागच्या दारात आय उभी. डोक्यावर ते तांब्याचं भांडं, ओल्या फडक्यात गुंडाळलेलं. अंगावर लाल चौकड्यांचं लग्नातलं लुगडं. चौकहून मोरव्यामार्गे भाईंदरपर्यंत ती चालत आली होती, भांडं हिंदकळू नये म्हणून सावकाश, पहाटेपासून. तिनं आत येऊन चुलीकडे पाहिलं आणि म्हणाली, जरा ऊन केलं की झालं.

पुढच्या खोलीत तेव्हाच बूच उघडल्याचा आवाज आला. मग टाळ्या. मग ग्लास.

आयनं तो ऐकला. तिनं माझ्याकडे बघितलं. मला सांगता येणार नाही मी काय बोलले. काहीतरी पुटपुटले, ह्यांचे साहेब आलेत, घाईत आहेत, तू बस, नंतर बघू. ती बसली. भांडं मांडीजवळ घेऊन चुलीपाशी बसली. एकदा तिनं चुलीत लाकूड सारलं आणि मग स्वतःच परत बाहेर ओढलं.

मी पुढं मागं करत होते. बाळ, पाहुणे, फुगे. दर खेपेला मला ती दिसायची. मला तिची दया यायला हवी होती, आला तो राग. असं बसून राहिली आहे तोंड करून, लोक काय म्हणतील, कशाला आली, असं मनात येत होतं. आपण ज्याच्याशी वाईट वागतो त्याचाच आपल्याला राग येतो, हे मला फार उशिरा कळलं.

तेवढ्यात नवऱ्याच्या ऑफिसातला एक जण, जरा चढलेला, ग्लास घेऊन स्वयंपाकघरात आला. थट्टेखोर माणूस. म्हणाला, काय मावशी, गावठी पिऊन जन्म गेला, आज जावयाची विलायती चाखा. आणि त्यानं ग्लास तिच्यापुढं धरला. तळणाऱ्या बाया हसायला लागल्या.

आयनं ग्लास घेतला नाही. डावा हात पुढं केला. त्याला कळेना. मग त्यानं हसत हसत थोडी तिच्या तळहातावर ओतली. तिनं चोळली. आणि तिचे ओठ हलायला लागले.

मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. माझ्या नवऱ्याची ब्रँडी, एवढ्या वशिल्यानं आणलेली, आणि ही ती गुत्त्यातल्यासारखी पारखतेय, सगळ्या बायांदेखत. तिचा हात नाकाशी गेला. मग तिनं माझ्याकडे पाहिलं, पुढच्या खोलीत माझा नवरा हेडक्लार्कचा ग्लास भरत होता त्याच्याकडे पाहिलं, आणि मूठ मिटली.

"आय," मी म्हटलं, "हात धू तो. हा काय गुत्ता आहे?"

मी ते हळू बोलले नाही. बायांचं तळणं थांबलं.

"चांगली हाय," आय म्हणाली. त्या माणसाला म्हणाली, माझ्याकडे न बघता. "जावयाला सांगा, लय चांगली हाय."

तो माणूस पुढं जाऊन मोठ्यानं ओरडला, मावशींनी पास केली! पुढच्या खोलीत हशा झाला. माझा नवरा खूश झाला. आय उठली, रांजणातलं पाणी घेऊन हात धुतले, बाळाच्या कपाळावर अंगठ्यानं क्रूस काढला, आणि भांडं डोक्यावर घेतलं. मी म्हटलं, जेवून जा. ती म्हणाली, ऊन व्हायच्या आत जाते. ऊन तर केव्हाचं झालं होतं.

ते खिमट कुठं गेलं हे मला पुढं मोरव्याच्या एका बाईनं सांगितलं. मोरव्याजवळ मिठागरावरची माणसं दुपारी चिंचेखाली बसली होती. आय तिथं थांबली, भांडं उतरवलं, तीन दगड मांडून त्यांच्याकडूनच विस्तव घेतला आणि खिमट ऊन केलं. त्यांच्यात एक म्हातारी होती. पहिला पेला तिला दिला. माझ्या पोराचं नाव सांगितलं आणि म्हणाली, ह्याच्या नावानं घ्या. त्या लोकांनी घेतलं, बाळाला आशीर्वाद दिले. मिठानं हातपाय फुटलेली ती माणसं, त्यांना माझं पोर कोण ते माहीतही नव्हतं. माझ्या मुलाचं खिमट ते लोक प्यायले. ती बाई मला हे गंमत म्हणून सांगत होती. मी तिला चहासुद्धा विचारला नाही, दार लावून घेतलं.

त्यानंतर आयनं कुणाचं खिमट केलं नाही. बोलवायचे, अजून दोन-चार जुनी घरं होती. ती म्हणायची, हात बसत न्हाय आता. मला वाटायचं रुसली आहे. मीही रुसले. महिन्यातून एकदा जायचे, बाळाला दाखवायचे, तासाभरात उठायचे. बाप्तिस्म्याबद्दल ती एक अक्षर बोलली नाही. मी माफी मागायला हवी होती. दर वेळी वाटेत ठरवायचे आणि दर वेळी तिच्या दारात पोचले की म्हणायचे, बोंबील काय भाव गेले? आणि ती सांगायची.

बाप्तिस्म्याच्या तीन बाटल्यांतली एक पाव शिल्लक राहिली होती. ती मी कपाटात ठेवली, औषधाला म्हणून. ब्रँडी तेव्हा सगळ्या घरांत औषधाला असायची, सर्दी झाली की चमचाभर, बाळंतिणीला चमचाभर. ही मात्र मी कुणाला दिली नाही. फार किमती म्हणून जपून ठेवली.

युद्ध संपलं. लोक म्हणायला लागले, आता आपलं राज्य येणार आणि दारू कायमची बंद होणार. शहरात एकदा बंदी करून पाहिली होतीच. त्या सुमारास आय आजारी पडली. ताप, छातीत कफ, डॉक्टरनं येऊन सुई दिली आणि बाहेर जाऊन मान हलवली. मी मुलाला घेऊन चौकला जाऊन राहिले. तो तेव्हा चार वर्षांचा होता, बापूस गेला तेव्हा मी होते तेवढा.

एका संध्याकाळी, दिवेलागणीच्या आधी, आयचे हातपाय गार पडायला लागले. शेजारची बाई म्हणाली, ब्रँडी असेल तर हातापायाला चोळ, ऊब येईल. मी भाईंदरहून येताना ती बाटली घेऊन आले होते. पिशवीतून काढली, गोऱ्या सरदाराचं लेबल अजून तसंच. मनात म्हटलं, घे आय, निदान आता तरी तुला विलायती. तळहातावर ओतली आणि तिचे हात माझ्या हातात घेऊन चोळायला लागले. दुसरं काही सुचत नव्हतं म्हणून नमो मारिया म्हणायला लागले, मोठ्यानं.

प्रार्थना संपली. हात नाकाशी न्यायची गरजच नव्हती. त्या लहानशा खोलीत वास उठला होता. गोडसर, जरा आंबूस. उन्हात पडलेल्या फुलाचा.

मी बाटलीचं बूच काढून परत वास घेतला. मग पुन्हा माझा हात. मग आयचा हात. मोहाची होती. भाईंदरच्या गुत्त्यातली, आयच्या भांड्यात जायची तीच, साखर जाळून रंग दिलेली, आणि वर ते लेबल. कदाचित मीच फडक्यात गुंडाळून विकलेलं. माझा नवरा, हेडक्लार्क, ते सगळे टाळ्या पिटणारे, मोहाची पीत बसले होते, आणि आयचं खिमट मागच्या खोलीत गार होत होतं. आणि तिला हे एका नमो मारियात कळलं होतं. नुसतं मोहाची आहे एवढं बोलली असती तर सगळ्या ऑफिसात माझ्या नवऱ्याचं हसं झालं असतं, ती पुढच्या खोलीत गेली असती, तिचं भांडं उघडलं गेलं असतं. बोलली नाही. मी तिला सगळ्यांसमोर हात धू म्हटलं, तरी बोलली नाही.

आय जागी होती. माझ्याकडे बघत होती.

"तुला त्याच दिवशी कळलं होतं," मी म्हटलं. मी तिच्या पोटावर डोकं ठेवून रडले, लहानपणीही अशी रडले नव्हते. माफ कर, माफ कर, एवढंच म्हणत होते. तिनं हात माझ्या डोक्यावर ठेवला. जड होता.

"चांगली व्हती गो," ती म्हणाली. दम लागत होता, थांबून थांबून बोलत होती. "खोटं न्हाय बोल्लू मी. पानी न्हाय घातलेला."

मी हसले की रडले मला आठवत नाही. माझा मुलगा दारातून आत आला आणि मला तसं बघून त्यानं भोकाड पसरलं. मी त्याला उचलायला हात पुढं केले.

"आदी हात धू," आय म्हणाली. "मंग पोराला घे."

तिच्या आवाजात राग नव्हता, टोमणाही नव्हता. दारूचा हात पोराला लागू नये एवढंच तिच्या मनात होतं, मला खात्री आहे. पण मला उठवेना. मुलाला शेजारणीनं उचललं आणि बाहेर नेलं. मी आयचा हात माझ्या दोन्ही हातांत धरून बसून राहिले. अंधार पडला, शेजारणीनं दिवा आणून ठेवला, आयचा डोळा लागला. वास कमी कमी होत गेला. तिसऱ्या दिवशी ती गेली, आणि तोपर्यंत मी हात धुतले नव्हते.